मध्यंतरातलं भाषांतर

मान्ता बंदर, एक्वादोर
९ मे १९५४

वडीलधाऱ्या झोफीताईस,

धाकटा कालमान एवढ्या दुरून तुझा हात ओठांना लावतो. भाऊजींचा अंगठा कसा आहे? डुकराची चरबी कमी केली का, हे विचारत नाही, कारण उत्तर ठाऊक आहे. मी खुशाल आहे. माझा गुडघा पावसाची वर्दी आदल्या दिवशी द्यायचा, पण या गावात पाऊस इतका क्वचित पडतो, की त्याला वर्षभर काम नसतं. (हे पत्र तुझ्याआधी जे कॉम्रेड उघडतील, त्यांनाही नमस्कार. यात राजकारण काही नाही, फुटबॉल आहे, आणि तोही फारसा नाही.)

तू विचारलंस, की आपल्या सेन्तेश गावचा एक साधा हाफबॅक सात देशांत प्रशिक्षक कसा झाला. ताई, गुडघा गेला म्हणून झाला. ज्याला खेळता येत नाही त्याने शिकवावं, हा आपल्या धंद्याचा पायाच आहे. इटलीत मला काढलं कारण आम्ही हरलो. ग्रीसमध्ये काढलं कारण आम्ही जिंकलो, पण ज्यांच्याविरुद्ध जिंकलो ते अध्यक्षांचे व्याही निघाले. बाकीच्या देशांची कारणं याच दोहोंत बसतात. पण नोव्हेंबरात आपल्या पोरांनी लंडनमध्ये जाऊन इंग्रजांना सहा गोल घातले आणि तेव्हापासून जगात कुठेही हंगेरियन माणूस रिकामा राहिलेला नाही. इथल्या एस्त्रेया क्लबचे अध्यक्ष दॉन आबेलार्दो (इथे ‘श्रीयुत’ला ‘दॉन’ म्हणतात; यांचा बर्फाचा कारखाना आहे) यांनी मला पेरूत, लिमाला तार केली, ‘तुम्ही हंगेरियन आहात का?’ मी कळवलं, ‘होय.’ मुलाखत एवढीच.

आता अडचण अशी, की मला स्पॅनिश येत नव्हतं. लिमात सात महिने काढले, पण तिथला संघ इटालियन वस्तीचा होता, इटालियनवर भागत होतं. तेव्हा दॉन आबेलार्दोंनी दुभाषी दिली. दोन्या (म्हणजे बाई) क्लेमेन्सिया, वय त्रेचाळीस, इथे स्थायिक झालेल्या आपल्या एका दंतवैद्याची विधवा. अठरा वर्षांच्या संसारात तिने नवऱ्याकडून हंगेरियन उचललेलं. पण ताई, हा माणूस घरात आणि दवाखान्यात मिळून जेवढं बोलला असेल तेवढंच तिला येतं. पहिल्या भेटीत ती मला म्हणाली, “बसा. तोंड उघडा. दुखणार नाही.” मी बसलो. तोंड मात्र उघडलं नाही.

पहिल्याच सामन्यात मध्यंतराला आम्ही दोन गोलांनी मागे. मी फळ्यावर बाण काढून नऊ मिनिटं समजावलं, की मधला आघाडीवाला मागे आला तर त्यांचा रक्षक त्याच्यामागे ओढला जातो आणि तिथे खिंडार पडतं. दोन्या क्लेमेन्सियाने ते चार शब्दांत सांगितलं. पोरं उठली, धावली आणि तीन गोल घालून आली. मला वाटलं, काय आटोपशीर भाषा आहे ही! दुसऱ्या एका सामन्यात मी नुसतं ‘बरं’ म्हणालो, तर ती सहा मिनिटं बोलली. तेव्हा वाटलं, नाही, भाषेत खोली आहे. आम्ही ओळीने अकरा सामने जिंकलो. वर्तमानपत्रात माझा फोटो आला, खाली ‘प्राध्यापक’ असं छापून. (चौथीत मी दोनदा बसलो हे कुणाला सांगू नकोस.)

या मानाला जागावं म्हणून मी गुपचूप स्पॅनिश शिकलो. रोज संध्याकाळी न्हाव्याकडे बसायचो. डोक्यावर केस उरले नाहीत, पण भाषा आली. बाराव्या सामन्यात मध्यंतराला मी नेहमीप्रमाणे बाण काढले आणि कान टवकारून दोन्या क्लेमेन्सियाकडे वळलो. ती पोरांना सांगत होती: “प्रोफेसर बाणांचं काहीतरी म्हणतायत, त्यांना म्हणू दे. पोर्फिरिओ, तुझी सासू गोलामागेच बसलीय. चेंडू सोडलास तर वर्षभर जेवताना ऐकशील. सिक्स्तो, तू एलोयला चेंडू देत नाहीस. बोकडावरून भांडलायत, माहितीय मला. इथेच हात मिळवा. मिळवला? जा आता.”

चार-एकने जिंकलो. (पोर्फिरिओ आमचा गोलरक्षक. सिक्स्तो कप्तान. बोकड एलोयचा, पण तो मुद्दा नाही.)

ताई, मनाला लागलं. बाहेर गाठून मी तिला स्पॅनिशमध्ये म्हणालो, “तुम्ही इतके दिवस माझं एकही वाक्य सांगितलं नाहीत.”

ती जराही दचकली नाही. म्हणाली, “शिकलात वाटतं. उच्चार न्हाव्याचे आहेत.”

“मी खिंडाराबद्दल बोलत होतो.”

“मला कळलं असतं तर सांगितलं असतं. नवरा दातातल्या खिंडाराबद्दल बोलायचा. तेवढंच मला येतं.”

मी म्हणालो, यापुढे तुमची गरज नाही. ती म्हणाली, ठीक, आणि पदर झटकावा तशी शाल झटकून निघून गेली.

पुढचे तीन सामने मी स्वतः बोललो. शुद्ध स्पॅनिशमध्ये, बाणांसकट. पोरांनी फार लक्ष देऊन ऐकलं आणि पाच, चार आणि पुन्हा पाच गोलांनी हरली. सिक्स्तो-एलोयनी पुन्हा अबोला धरला. दॉन आबेलार्दो मला बाजूला घेऊन म्हणाले, “प्रोफेसर, तुम्ही हंगेरियनच बोला हो. आम्हाला सगळं समजत होतं.”

मग मी तिच्या घरी गेलो. ती अंगणात शेंगा फोडत होती. माझ्यापुढेही एक ढीग सरकवला. मीही फोडू लागलो. मग ती खाली बघत म्हणाली, “तो जाऊन चार वर्षं झाली. घरात ते बोलणं बंद झालं. शब्द कुणाला हवेत, मला तो सूर ऐकायचा होता. म्हणून आले मी तुमच्या संघाच्या बाकावर. पोरांना रिकामं पाठवायचं कसं, म्हणून काहीतरी सांगायचे.”

या सात देशांत माझं बोलणं ऐकायला कुणी आपणहून येऊन बसलं नव्हतं. मी म्हणालो, “आधीच्या बारा विजयांच्या पुण्याईवर रविवारी अंतिम सामना आहे. या.” मग तिने विचारलं, शेंगा नेणार का. मी नेल्या.

रविवारी मध्यंतराला एक-एक. मी फळ्यासमोर उभा राहिलो आणि माझ्या लक्षात आलं, की इथे मी काहीही बोललो तरी चालणार आहे. मग मी बोललो. आपल्या तिसा नदीवर पहाटे धुकं कसं उतरतं ते सांगितलं. आईच्या हातच्या माशाच्या रश्शाबद्दल सांगितलं. आणि बाण काढता काढता, तिच्याकडे न बघता, दोन्या क्लेमेन्सिया, माझ्याशी लग्न कराल का, असं अकरा खेळाडूंसमोर हंगेरियनमध्ये विचारलं. (हे वाक्य तिला कळणार असा माझा अंदाज होता. दंतवैद्यानेही एकदा विचारलंच असणार.) ती पोरांकडे वळून बोलू लागली. तेवढ्यात बाहेर अग्निशामक दलाचा बँड सुरू झाला आणि मला एक अक्षर ऐकू आलं नाही. पोरं मात्र अशी धावली, की तसं मी कुणाला धावताना पाहिलं नाही. आम्ही चार-एकने जिंकलो. पारितोषिक समारंभानंतर ती मला ‘हो’ म्हणाली, आणि मग ‘थुंका’ म्हणाली. (सवय.)

बाकी विशेष काही नाही. भाऊजींना जपा.

तुझा,
कालमान

ता. क. इथले पाद्री, फादर बेनिग्नो, लग्न लावायला तयार नाहीत. सात देशांत राहिलेल्या माणसाची एकाही देशात बायको नाही, यावर त्यांचा विश्वास बसत नाही. तेव्हा नगरपालिकेतून मी अविवाहित असल्याचा शिक्क्याचा दाखला तेवढा काढून पाठव. उशीर करू नकोस, तिची आई रोज विचारते.

ता. क. २. ग्रीसबद्दल कुणी विचारलं तर तो साखरपुडा होता, लग्न नव्हे. ती तिथल्या अध्यक्षांची मुलगी होती, आणि तेही आता मिटलं आहे.

ता. क. ३. पत्र बंद करत होतो तेवढ्यात पोर्फिरिओ आला. बँड वाजत असताना दोन्या क्लेमेन्सियाने काय सांगितलं ते त्याने मला आज सांगितलं. ती म्हणाली होती, “प्रोफेसरांनी मला मागणी घातली आहे. हरलो तर ते दुःखात विसरतील, आणि पुन्हा विचारायची छाती या माणसात नाही. तेव्हा पळा.”