जिराफाची मान

प्रिय बाळ्या,

तुझा फोन उचलत नाही म्हणून रुसू नकोस. काही गोष्टी फोनवर बोलताना मी लगेच नमतं घेते. कागदावर घेत नाही.

मागच्या अंगणातला माझा जिराफ तू पाहिला आहेसच. शिवणाचं दुकान बंद केल्यावर हात स्वस्थ बसेनात, म्हणून कोपऱ्यावरच्या वेल्डिंगवाल्याकडे जाऊन बघत बघत जोडकाम शिकले. पलंगाचे पाईप, सायकलच्या साखळ्या, फुटक्या बशा, जे हाती लागलं ते त्याच्या अंगावर चढवलं. सुरुवातीला तो उंटासारखा दिसायचा. शिडीवर चढून मान तीनदा उतरवली, तेव्हा कुठे जिराफ झाला.

गेल्या महिन्यात पालिकेचे बांधकामवाले साहेब दारात उभे. तक्रार आली होती म्हणे. कुंपणाच्या भिंतीपेक्षा उंच बांधकाम चालत नाही. मी म्हटलं, "साहेब, हे बांधकाम नाही, जनावर आहे." ते हसले, पण नियम हलेना. "मान तेवढी कापा, बाकीचं राहू द्या," म्हणाले. अरे, मान कापल्यावर उरतं काय? गाढवसुद्धा नाही! शेजारीण म्हणाली, "जाऊ द्या हो, या वयात पालिकेशी कशाला वाकडं?" मी म्हटलं, मान जाणार नाही.

मग वेल्डिंगवाल्याला बोलावलं. चारही पाय गुडघ्यात कापले आणि पोटाखाली दुमडून पुन्हा जोडले. हाताला दोन ठिकाणी चटके बसले, पण जिराफही बसला. ऐटीत, मान ताठ.

काल साहेब टेप घेऊन आले. शिंगं भिंतीच्या बोटभर खाली. त्यांनी पुन्हा मोजलं आणि म्हणाले, "बसवलात की हो आजी!" तक्रार मिटली.

निघताना मात्र त्यांच्या तोंडून सुटलं, "मुलाला कळवा, आता काळजी नको." तक्रार तू केलीस, बाळ्या. आई शिडीवरून पडेल या धास्तीनं केलीस, हेही कळलं. रागावले नाही असं खोटं लिहीत नाही. खूप रागावले, थोडी रडलेही. पण यापुढे भीती वाटली तर मला सांग, परक्याच्या हातून मला थांबवू नकोस. मी ऐकून घेईन. थांबणार मात्र नाही. आता जिराफिणीचं काम काढतेय. तीही बसलेलीच असेल, पण तिच्या मानेपर्यंत पोचायला शिडी लागणारच. रविवारी ये आणि शिडी धर.

तुझीच,
तुझ्याहून हट्टी आई