दादीच्या कॅसेटवरचा रॅपर

अब्बा, तुम्हाला जाऊन अठरा वर्षं झाली आणि मी आज लिहायला बसलेय ते त्या अमेरिकन रॅपरबद्दल, ज्याचा आवाज बहरीनला माहूजमधल्या आपल्या फ्लॅटमध्ये सुरू झाला की तुम्ही ओरडायचात, "हा गातो काय भांडतो?" कोपऱ्यावरच्या कोल्ड स्टोअर नावाच्या किराणा दुकानातल्या दुधावर तुमचा विश्वास नव्हता, साहेबांच्या इंशाल्लावर नव्हता, मग त्याच्यावर कुठून असणार? तरी मी जेवताना तुम्हाला त्याची कथा सांगायचे. लहानपणी तोतरा, बाप सोडून गेलेला, आई लोकांच्या इमारती पुसणारी. गोदामात खोकी उचलता उचलता त्याने गाणी जुळवली. पहिली कॅसेट स्वतःच गाडीतून विकली, दुसरीने देशभर नाव झालं, मग मारामारीपायी वर्षभर तुरुंग, आणि सुटल्यावर तिसरी कॅसेट सगळीच्या सगळी आईवर. माशाचा काटा काढत तुम्ही म्हणालात, "तोतरा मानूस येवढा भरभर कसा बोलेल? कायतरी लपवतो हाय." मला भयंकर राग आला. पण तेव्हापासून त्याच्या मुलाखती वाचताना मीही खोटं शोधू लागले. हा गुण तुमचाच.

आपल्याकडे तेव्हा पत्रं कमी आणि कॅसेटी जास्त. दादीला वाचता येत नव्हतं, म्हणून आपण टेपरेकॉर्डरभोवती बसून पाळीपाळीने बोलायचो आणि सुट्टीवर निघालेल्या कुणाच्या तरी बॅगेतून ती कॅसेट रत्नागिरीकडे जायची. दादी ऐकायची, त्याच कॅसेटवर आपलं बोलणं भरायची आणि येणाऱ्याबरोबर परत पाठवायची. जाणारी आणि येणारी कॅसेट एकच, तिच्यावर तुमच्याच अक्षरातलं तेच लेबल. माझी चूक तिथेच झाली.

शुक्रवार आहे, तुम्ही जुम्म्याला गेला आहात, अम्मी किचनमध्ये कोळंबी सोलतेय. इंग्लिश रेडिओवर सांगतात की तो गाडीच्या अपघातात गेला आणि आता तासभर त्याचीच गाणी. मला रडू फुटतं. कोरी कॅसेट सापडत नाही. टेपरेकॉर्डरशेजारी तुमच्या लेबलची एक दिसते. दादीचं ऐकून झालेली, आपण अजून न भरलेली, असं समजून मी तीच लावते, मध्ये बाजू पालटते. गाणी संपल्यावर टेप पुढे चालवते तर शेवटी दादी बोलते, "आता कायपन पाठवू नको बाबा. तू ये. यंदा ये." तेवढंच उरलं होतं. बुसैतीनला राहणारे चाचा, तुमचे गाववाले, तुमच्याबरोबर एकाच विमानाने बहरीनला आलेले, ते आदल्या दिवशी गावाहून परतले होते आणि सकाळी अम्मीच्या हातात कॅसेट देऊन गेले होते. हे मला अम्मीकडून कळलं तेव्हा फार उशीर झाला होता. तुम्ही ती संध्याकाळच्या चहाला ऐकणार होतात. मी खोलीचं दार लावलं, रेडिओ बंद केला आणि रेकॉर्डचं बटण दाबून दोन्ही बाजू कोऱ्या केल्या. त्यात रॅपर गेला आणि दादीही गेली.

संध्याकाळी नुसती खरखर. "मफी! कायच नाय!" तुम्ही म्हणालात आणि माझ्याकडे वळलात, "तू हात लावलास?" मी म्हटलं, "नोबडी टच्ड इट, अब्बा." खोटं बोलायला मला इंग्लिश बरं पडायचं. पुढच्या शुक्रवारी तुम्ही चाचांना बोलावलंत आणि पोलिसासारखे प्रश्न विचारलेत. आईने काय खायला घातलं? कुठल्या खाटेवर बसलास? चाचा आधी हसून उत्तरं देत होते.

"भावा, तू मना चोर समजतोस?"

"तू गावाला गेलाच नसशील. मुंबईवरनंच परतलास आनि कोरी आनून दिलीस."

चाचांनी अर्धा चहा खाली ठेवला, चपला घातल्या आणि निघून गेले. मी दाराशीच उभी होते. एक वाक्य बोलायचं होतं, ते बोलले नाही. त्या वर्षी तुम्ही रजा पुढे ढकललीत आणि रमजानआधीच दादी गेली. चाचा पुन्हा आपल्या घरी आले नाहीत. मागच्या वर्षी मी त्यांच्याकडे जाऊन सगळं सांगितलं. "खलास, पोरी, जुनी गोष्ट," म्हणाले. मनापासून म्हणाले की मला वाटेला लावायला, कोण जाणे.

पण माझा खरा संशय तुमच्यावर आहे. दादी गेल्यानंतर वर्षभराने त्या रॅपरची नवी कॅसेट निघाली, मेल्यानंतरची. मनामाच्या सूकमधल्या, बाजारातल्या दुकानातून तुम्ही ती स्वतः घेऊन आलात. ज्याचा आवाज घरात नको होता, त्याची! "मेल्यावर पन बोलतो हाय तुजा मानूस," म्हणालात आणि माझ्या तोंडाकडे बघत राहिलात. वेष्टन फोडलेलं होतं. मी विचारायच्या आतच तुम्ही म्हणालात, "दुकानदारानं वाजवून बघितली." दुकानदारावर विश्वास ठेवणारे तुम्ही कधीपासून झालात? तुम्हाला कळलं होतं का, अब्बा? की बापाने मुलीला दिलेली ती साधी भेट होती आणि माझंच मन खात होतं? आपल्या घरात कॅसेटवर काय भरलेलं असेल याचा नेम नव्हता. गाण्यांच्या मागे तुम्ही माझ्यासाठी काही बोलून ठेवलं असेल, असं मला तेव्हापासून वाटतं. शिव्या असतील, माफी असेल, किंवा नुसताच रॅपर असेल.

हे पत्र पाठवायला पत्ता नाही, ते बरंच आहे. ती कॅसेट मी आजवर एकदाही लावलेली नाही. मुलं विचारतात तेव्हा सांगते, वाजवायला मशीन कुठे आहे आता. मशीन आहे, अब्बा. चालूही आहे.