अखिल हिंदुस्थान बर्फखेळ मंडळ, मुक्काम अमरावती

माघ शुद्ध पंचमी, शके १७८६. सकाळी.
नत्थुजी, चष्मा कपाळावर चढवून घरभर चष्मा शोधणारा मुनीम तू. आज सांगतलेलं तुले उद्या आठवणार नाही, म्हणून लिही. वही माझ्यासाठीच आहे. मले अक्षर येत नाही, तुले ध्यान राहत नाही. दोघं मिळून एक शहाणं माणूस होते.

कापूस घेणाऱ्या गोऱ्या साहेबानं काल सांगतलं, त्याच्या मुलखात थंडीनं तळं गोठते अन् लोक पायाले लोखंड बांधून त्याच्यावर घसरतात. चांगले नातवंडंवाले लोक. किळस आली. पण हे खूळ आज ना उद्या इकडं येईलच. त्याच्याआधी त्याले आवरणारं कोणी पाहिजे. म्हणून साऱ्या हिंदुस्थानचं मंडळ आजपासून सुरू. प्रेसिडेंट मी. सेक्रेटरी नत्थुजी. बर्फ अजून नाही.

माघ शुद्ध अष्टमी.
रूल केले. खेळताना तंबाखू थुंकू नये. सुनेनं सासूच्या पुढं घसरू नये. सूर्यभान लोहारानं चपलांखाली वखराचं पातं ठोकून दिलं. मी घालून उभी राहिली. अंगणात रुतली. चूक अंगणाची.

माघ पौर्णिमा.
शी. अकोल्याच्या दुर्गाबाईनं तिकडं दुसरं मंडळ काढलं. तेही अखिल हिंदुस्थानचं. आगगाडी आमच्या अकोल्याकडं आधी येऊन राहिली म्हणते, तर बर्फही आमचाच. माझ्या लेकीची सासू नसती तर चार शब्द सांगतले असते.
साहेबानं निवाडा दिला. फाल्गुन शुद्ध दशमीले आमच्या कापसाच्या आवारात जी बाई लोकांसमोर बर्फावर माणूस घसरवून दाखवेल, तिचं मंडळ खरं. दुसरीनं आपला शिक्का तिले द्यावा अन् तिच्या हाताखाली मेंबर व्हावं. मी, तिच्या हाताखाली! त्यापेक्षा जन्मभर अळणी खाईन.

माघ वद्य तृतीया.
मुंबईले जहाजानं अमेरिकेचा बर्फ उतरते. माणूस धाडला. आगगाडी पोचते तिथवर आगगाडी, पुढं भाड्याची बैलगाडी. मुंबईवाले बर्फ भुशात बांधतात म्हणे. वऱ्हाडात राहून भुसा? घाणेरडे लोक. कापसात बांधा म्हणलं, वरून गोणपाट. गाडीवाल्याले ताकीद आहे, आत काय ते कोणी विचारलं तर मुका हो. अकोल्याचे कान लांब आहेत.

फाल्गुन शुद्ध तृतीया.
कापसाच्या तेजीनं माणसं नासली. बैलांच्या शिंगांवर चांदी अन् पोटात चोरी. वजन वाढावं म्हणून कापसाले पाणी मारतात, गाठीत दगड घालतात. वीट आला. आवार राखणाऱ्या भगवंतले आज रूल दिला: ओली गाठ दिसली की मले विचारायले येऊ नको. फोड, उन्हात पसर, दगड निघाला तर फेक. माणसं अशी तयार करते, म्हणूनच मी प्रेसिडेंट.

फाल्गुन शुद्ध नवमी. दुपारी.
पडवीत जरा आडवी झाली होती. भगवंत उड्या मारत आला. चोर पकडला. गाठ चिंब ओली, अन् आत दगड! पांढरा, भोपळ्याएवढा. कापूस पसरला, दगड कुंपणाकडं फेकला. गाडीवाल्याले विचारलं तर तोंडातून शब्द नाही. चोर असाच असते. भगवंतले गुळाचा खडा दिला. उद्या आपला बर्फ आला की पहिला मान त्याचा, त्यालेच घसरवू.

त्याच दिवशी, दिवेलागणीले.
गाडीवाला एक दिवस आधी पोचला होता.
कुंपणापाशी गेली. ओली माती. शेळी चाटून राहिली होती.
भगवंत म्हणते, बाई, तुमचाच रूल. उलटून बोलते. बर्फच कच्चा होता. पक्का असता तर उन्हाले भ्याला नसता.

फाल्गुन शुद्ध दशमी.
पार तिवसा गावापासून लोक आले. फुकटचं पाहायले कोणीही येते.
दुर्गाबाईनं बर्फ आणला. पाटाएवढी लादी. भुशातली. आपलाच पाय तिच्यावर ठेवला अन् सपाट पडली. साहेब म्हणे, घसरली. म्हणजे जिंकली.
मी भगवंतले कुंपणाजवळच्या चिखलात घसरवलं. चांगला घसरला. साहेबानं विचारलं, बर्फ कुठं आहे. मी म्हणलं, होता.
दुर्गाबाई अजून जमिनीवरच. उठवणाऱ्यांले हातानं थांबवलं, उन्हात पसरलेला माझा कापूस पाहिला अन् म्हणे, "विहीणबाई, तुमचा वाळला का मंग?"
माझी लेक पदराआड हसली. माझी लेक.

एकादशी. सकाळी.
नत्थुजी, चष्मा कपाळावर आहे. शिक्का फडक्यात बांध. विहीणबाई निघाल्या, त्यांच्या छकड्यात ठेव. मेंबर म्हणून माझं नाव लिही, पण बारीक अक्षरात.
अन् शिदोरी पाठव. रोडगे, वांग्याची भाजी, जवसाची चटणी. भाजी चुलीवरून उतरली की वाफेसकट बांध. अकोल्यापर्यंत गार होईल. अमरावतीचं काही तरी थंड तिथं पोचू दे.