एकोणसत्तर जीबी

४ नोव्हेंबर

सोयरीक मोडणार बहुतेक! तीही माझी, आणि तीही एका हार्ड डिस्कवरून.

आप्पांनी मंचरहून, होणाऱ्या जावयाच्याच, राकेशच्या कॉम्प्युटरच्या दुकानातून डिस्क आणली — घरातल्या लग्नांचे व्हिडिओ ठेवायला. खोक्यावर एक टीबी. टीबी म्हणजे हजार जीबी, हे राकेशनेच त्यांना सांगितलेलं. घरी लॅपटॉपला लावली तर ९३१. आप्पांनी चष्मा पुसून पुन्हा पाहिलं. "एकोणसत्तर गेलं कुठं?" त्यांचा जन्म गेला बाजारात कोथिंबिरीच्या जुड्या विकण्यात. शेकड्यात एक जुडी इकडची तिकडे झाली तरी भांडणारा माणूस! "शेकड्यामागं सात जुड्या मारल्या राव त्यानं. सासऱ्यालाबी सोडलं न्हाई."

मला कारण माहीत आहे. ओतूरच्या क्लासमध्ये पोरांना हेच तर शिकवते — कंपनी हजाराने मोजते, कॉम्प्युटर एक हजार चोवीसने. माल तेवढाच, आकडा वेगळा. पण तोंड उघडलं नाही. भाकरी थापत राहिले.

५ नोव्हेंबर

राकेश वाईट नाही. बघायला आला तेव्हा सगळा वेळ पंख्याकडे बघत होता, एवढंच. पण मला आत्ता लग्नच नकोय. पुण्याला एमएस्सीला जायचंय. दिवाळीत सांगून पाहिलं. आई म्हणाली, "लग्नानंतर शिक की." आप्पा म्हणाले, "बघू." आप्पांचं बघू म्हणजे नाही.

६ नोव्हेंबर

आप्पांनी राकेशला फोन लावला, स्पीकरवर. मी दाराआड. त्याने एका वाक्यात समजावलं असतं तर संपलंच होतं. पण त्याने विचारलं, "कल्याणीनं बघितलं का ते?" आप्पा म्हणाले, "बघितलं. ती काय बोलंल? गप्प बसलीय बिचारी." तिकडून कुणा गिऱ्हाइकाला "थांबा जरा" म्हटलेलं ऐकू आलं. मग, "कंपनीचा माल हाय मामा. नको आसंल तर परत आणा."

"चोराच्या घरी लेक देणार न्हाई," म्हणून आप्पांनी फोन ठेवला.

मोडली!

७ नोव्हेंबर

गाढ झोपले. तीन भाकरी खाल्ल्या. आई काळजीने बघत होती, पोरीच्या डोक्यावर परिणाम झाला की काय म्हणून.

१० नोव्हेंबर

आप्पा बाजारात ज्याला त्याला सांगत सुटलेत. आमचे मढचे पाहुणे त्यांच्या क्लाससाठी राकेशकडून कॉम्प्युटर घेणार होते, ते मागे फिरले. त्याची आई रडली म्हणे.

मी सुटले, पण नाव त्याचं गेलं. आप्पांना खरं कारण सांगितलं, तर ते उद्याच पुन्हा लग्नाची तारीख धरतील. काय करू?

११ नोव्हेंबर

सांगून टाकलं.

"आप्पा, ढीग येकच हाय. तुमी शंभराचा शेकडा धरला आन् व्यापाऱ्यानं एकशे सातचा, तर त्याचं शेकडं कमी भरतील का न्हाई? जुडी एकबी गेली न्हाई."

आप्पा बोटांवर मोजत बसले. "म्हंजी पोरानं मारलं न्हाई काय."

"न्हाई."

"तुला कवाधरनं म्हाईत व्हतं?"

"पयल्या दिवसापास्नं." आणि मग थांबलेच नाही. लग्न नको, शिकायचंय, सगळं बोलले. रडले पण.

"मंग आधीच का न्हाई बोलली?"

"बोलले व्हते. दिवाळीत."

आप्पांनी टोपी काढली, पुन्हा घातली, आणि बाहेर जाऊन बसले.

१२ नोव्हेंबर

आप्पा सकाळच्या एसटीने स्वतः मंचरला गेले. माफी मागितली. मढच्या पाहुण्यांनाही तिथूनच फोन केला. परत आल्यावर हात धुता धुता म्हणाले, "पोरगं नुसतं हासलं. लई गुणाचं हाय." मला वाटलं, धरली पुन्हा तारीख. मग म्हणाले, "पुण्याचं अ‍ॅडमिशन कवा आसतं?"

सुटले बाई! या वेळी कुणाचं नाव घालवून नाही.

१३ नोव्हेंबर

राकेशचा मेसेज. "जयभीम. ९३१ चं कारण मी गिऱ्हाइकांना रोज सांगतो. त्या दिवशी मामांनाही सांगणारच होतो. पण ते म्हणाले, तुम्ही बघूनही गप्प आहात. तुम्ही तर हे शिकवता. तेव्हा तुमचं उत्तर कळलं. छान शिका."

घरात तोंडाने सांगितलेलं कुणाला कळलं नव्हतं.