पारिजातकाखाली कोण उभं होतं

वकीलसाहेब,

आज वेळ अमावस्या. सकाळपासून भज्जी केली, पालेभाज्या, ओला हरभरा, तुरीचे दाणे, चिंच, सगळं घालून. ताकात ज्वारीचं पीठ कालवून अंबील कालच आंबत ठेवली होती. या सणाला शेतात जेवायचं, पण शेत आता नाही, म्हणून गच्चीवर बसून जेवले. अंबिलीचा आंबट वास आला आणि तुम्ही आठवलात. तुम्हाला जाऊनही आता खूप वर्षं झाली.

तुमच्याकडे स्वयंपाकाला आले तेव्हा हे जाऊन दोन वर्षं झाली होती. पुड्यांचे कागद आणि दुकानांवरच्या पाट्या जुळवून मी अक्षरं शिकले होते. तुमच्या डोळ्यांत मोतीबिंदू, म्हणून दुपारची भांडी झाली की मराठी जबान्या मी वाचून दाखवायची. तुम्ही एकदा ओरडलात ते मी विसरले नाही. "अंदाजानं वाचतेस तू. पुढचा शब्द दिसायच्या आधीच म्हणून टाकतेस. इथं माणसाची जन्मठेप आहे, बाई. कागदावर आहे तेवढंच वाच." त्या दिवशी आमटीत मीठ जास्त पडलं. तुम्ही ती भातात कालवून संपवलीत.

ते अपील मंद्रूपकडच्या एका शेतकऱ्याचं होतं. वेळ अमावस्येच्या दिवशी शेजारच्या शेतातला माणूस मारला गेला होता. दुपारभर आरोपी अक्कलकोटला होता, हे सरकारी वकिलालाही मान्य होतं. तो संध्याकाळच्या गाडीनं गावात आला. अंधार पडल्यावर त्यानं कुऱ्हाड मारली, हे आपण ऐंशी पावलांवरून डोळ्यांनी पाहिलं, असं एका साक्षीदाराचं म्हणणं. तो साक्षीदार त्या वेळी सणाच्या रिवाजाप्रमाणे पेटता टेंभा घेऊन आपल्या शेताला फेरी घालत होता. त्याच्या शब्दावर शिक्षा झाली होती. आरोपीची बायको दर गुरुवारी येऊन तुमच्या पायरीवर बसायची. कोरडा खोकला होता तिला. मी चहा द्यायची, ती कपाला दोन्ही हात लावून बसायची.

पोस्टमॉर्टेमचा इंग्रजी कागद तुम्ही भिंग धरून वाचत होता आणि मला मराठीत सांगत होता. पोटात न पचलेला पाला, दाणे, आंबट वासाचा पातळ पदार्थ. खालच्या कोर्टानं ती दारू धरली होती. संध्याकाळी पिऊन भांडण झालं म्हणे. मी लसूण सोलत होते.

"दारू न्हाय ती. अंबील हाय की," मी म्हणाले. "आन् पाला म्हंजे भज्जी. दुपारी शेतात जेवत्यात त्ये."

तुम्ही भिंग खाली ठेवलंत. जेवण दुपारचं आणि पोटात तसंच, म्हणजे माणूस दुपारीच गेला. आणि दुपारी आरोपी अक्कलकोटला. पायरीवर ती बसलेली होती, तिला सगळं ऐकू जात होतं. मग तुम्ही विचारलंत, "उरलेली भज्जी संध्याकाळी खातात का?"

नाही म्हणावंसं फार वाटलं. पण म्हणाले, "खात्यात. आमच्यात दुसऱ्या दिवशीपन खात्यात."

"झालं. माझं अपील तूच बुडवणार," तुम्ही म्हणालात, आणि हसलात. "साक्षीदार असावा तर असा. पोट म्हणजे काही घड्याळ नव्हे. आता त्या डोळ्यांचं बघू."

त्याच गुरुवारी दिवस मावळल्यावर तुम्ही काठीला चिंध्या गुंडाळून, रॉकेलात बुडवून माझ्या हातात टेंभा दिलात. तुमचा कारकून आणि आरोपीची बायको, दोघांपैकी कुणीतरी एक, कोण ते मला न सांगता, अंगणातल्या पारिजातकाखाली जाऊन उभं राहणार होतं. मी अंगणाला फेरी घातली. "कोण दिसतंय?" तुम्ही विचारलंत. माझ्या डोळ्यांपुढे नुसता जाळ. त्याच्या पलीकडे काळोख.

"कोनबी न्हाय दिसत."

"आमची बाई तांदळातला बारीक खडा लांबून टिपते, तिला अंगणातलं माणूस दिसत नाही, मग त्या साक्षीदाराला ऐंशी पावलांवरून काय दिसणार?" कारकुनाला तुम्ही म्हणालात. मुंबईला तुम्ही तेच मांडलंत, की हातातला उजेड माणसाला आंधळा करतो. आणि मेलेल्यानं संध्याकाळी उरलेलं खाल्लं असेलही, पण खाल्लं असं सांगणारा एकही साक्षीदार नाही. हायकोर्टानं संशयाचा फायदा दिला. तो सुटून आला तेव्हा ती गुळाची ढेप घेऊन आली होती. तुम्ही ते भिंग मला दिलंत. त्यानंच आता पुस्तकं वाचते. महिन्याला चार तरी होतात. बरं चाललंय माझं.

फक्त एक सांगायचं राहिलं. त्या संध्याकाळी पारिजातकाखाली ती एकदा खोकली. कारकून नाही, तीच उभी आहे, हे मला कळलं होतं. तुम्ही दिसतंय का विचारलंत, मी दिसत नाही म्हणाले. त्यात खोटं काही नव्हतं. शिवाय कानावर माझा भरवसा उरला नव्हता. हे गेल्यावर दोन वर्षं जिन्यात रोज यांची पावलं मी ओळखत होते, आणि दार उघडलं की कुणी नसायचं.

पण वकीलसाहेब, ती खरंच तिथं होती. त्या साक्षीदारानंही अंधारात असंच काही ऐकून आरोपीला ओळखलं असेल का, हे मी तेव्हा तुम्हाला विचारायला हवं होतं. विचारलं नाही, कारण ती पायरीवर बसायची.