आबांचे सतरा सेकंद

तेलगाव, सोमवार, २६ फेब्रुवारी १९७३

चि. शहादेवास ज्ञानोबाचा जयभीम.

तू कारखान्याच्या क्वार्टरात खुशाल असशील. इकडे टँकर दोन दिवसांआड येतो. माय बरी आहे असं लिहायची रीत आहे, म्हणून लिहितो.

सिनेमाच्या मशीनच्या दिव्याची पेटी दूध-पावडरच्या डब्याची, ती मी केली. दातेरी चाक पितळी ताटातून कापून कानशीनं घासलं, बावीस दिवस लागले. पडदा दोन धोतरं जोडून मीच शिवला. भिंग तेवढं विकतचं. शिकवायला कोणी नव्हतं. तुला हे सगळं ठाऊक, पण शुक्रवारी माईकवर तू म्हणालास, "आपल्या कारखान्याचं मशीन."

तेही गिळलं असतं.

फिल्म मुकी. मी हँडल फिरवायचं, तू बोलायचं, ही आपली दहा वर्षांची पद्धत. एका मोठ्या पुढाऱ्याची अंत्ययात्रा, उलट्या बंदुका धरलेले शिपाई, तोफगाडा, आणि त्याच्या पुढं धूळ बसावी म्हणून बादलीनं रस्त्यावर पाणी मारणारे आपले आबा. अकरा सेकंद दिसतात. मी हँडल हळू करतो, सतरा होतात. तेवढ्यात माय डोक्यावर पदर घेऊन उभी राहते.

शुक्रवारीही राहिली. समोर दुष्काळी कामावर खडी फोडून आलेली तीन-चारशे माणसं, अन् तू ओरडलास, "हे बघा, आपल्या चेअरमनसाहेबांचे वडील! तवाबी सेवा म्हणून पाणीच देत होते!"

सेवा? आबा म्युनिसिपालटीत पगारी होते, शहादेव. महिना अठरा रुपये.

टाळ्या पडल्या. माय उभीच. घरी येताना एवढंच बोलली, "शहादेवनं तुज्या बापाला देऊन कावून टाकलं रे?"

तू विचारशील, दादा, तू कावून गप होतास? हात थांबला तर दिव्याच्या आचेनं फिल्म जळते, असं मी मायला सांगितलं. ते खरं आहे, पण कारण ते नव्हतं. मी भ्यालो. हँडल जोरात फिरवलं. आबा सात सेकंदांत गेले. तुझी किळस येते, त्यात माझीही आहे.

काल चेअरमनचा माणूस उत्तरेश्वर आला. "तुमी लई हुन्नरी माणूस. शहादेवभाऊ म्हणले, दादा न्हाई म्हणणार न्हाईत." निवडणुकीपर्यंत गावोगाव मशीन मी फिरवायचं, आणि 'चेअरमनसाहेबांचे वडील' हे माईकवर माझ्या तोंडानं म्हणायचं. न्हाई म्हणालो. एकरकमी पाच हजार रुपये देत होते.

आबांचा थोरला,
ज्ञानोबा