मारी-लूर्दचं टोकन

सेंगकांग, सिंगापूर
१९ ऑगस्ट २००७

तीर्थरूप पद्माकरकाका यांना सुबोधचा साष्टांग नमस्कार (पाठ धरली आहे, तेव्हा तूर्त कागदावरच घालतो).

डोळ्याच्या ऑपरेशननंतर आता पेपर वाचता येतो का? येत असला तरी काकूंना सांगू नका, त्या लगेच बंद करतील. इकडे आम्ही तिघं मजेत. क्षिप्राचं मराठी दर सुट्टीत पुण्याला सुधारतं आणि चांगी विमानतळावर उतरलं की पुन्हा बिघडतं. अनुजा खाली भाजी आणायला गेली आहे, म्हणून हे पत्र लिहिणं जमतंय. फोन का केला नाही असं विचाराल, तर फोनवर तुम्ही मध्ये बोलता, आणि ही हकीकत मला एकदा शेवटपर्यंत सांगायची आहे.

मागच्या महिन्यात कंपनीने मला हैतीला पाठवलं. हा देश वेस्ट इंडीजच्या बाजूला आहे, पण तिथे क्रिकेट खेळत नाहीत (हे मला विमानात शेजारच्या गृहस्थांनी जरा रागानेच सांगितलं). अमेरिकेने तिथल्या कपड्यांवरची जकात माफ केली आहे, म्हणून आमच्या साहेबांना, मिस्टर टेओंना, तिथल्या एका पँट्स शिवणाऱ्या कारखान्यात भागीदारी घ्यायची होती. मी बघून यायचं आणि अहवालावर सही करायची. साचा तयारच होता: बंदर, वीज, रस्ते आणि सगळ्यात शेवटी 'कामगारांचे हक्क'. त्यापुढे 'समाधानकारक' हा शब्द मी विमानात बसण्याआधीच टाईप झालेला होता.

तिसऱ्या दिवशी सकाळी मी शिलाईच्या हॉलमध्ये उभा असताना बाहेर रस्त्यावर कसलीशी निदर्शनं सुरू झाली. टायर जाळल्याचा वास आला, मॅनेजर फोन कानाला लावून ऑफिसात पळाला, आणि पहारेकऱ्याने दार बाहेरून बंद करून कुलूप घातलं. आत तीनशे बायका आणि मी. माझा ड्रायव्हर, म्हणजे माझा दुभाषा, फाटकाबाहेर. बाहेर आरडाओरडा वाढला, मग काहीतरी फुटल्याचा मोठा आवाज झाला. मी शर्टाला हात पुसत आग लागली तर कुठून पळायचं ते शोधत होतो. दुसरं दार नव्हतं. बायकांनी मान वर केली नाही, मशिनं चालूच. मागून कळलं की त्या दाराला कुलूप रोजच असतं, निदर्शनं असोत नसोत.

दोन तासांनी माझ्या पोटाने निराळंच आंदोलन पुकारलं (सकाळी तळलेली केळी जास्त झाली होती). संडासापाशी सुपरवायझर बसली होती. तिने हात पुढे केला. मी कार्ड दिलं, तिने परत दिलं. टोकन पाहिजे. दिवसाला दोन टोकनं, त्यावर कामगाराचा नंबर. मी कारखाना विकत घ्यायला आलेला माणूस, काका, आणि मला नंबर नव्हता! मी हातवारे केले, कपाळाचा घाम दाखवला, शेवटी मराठीत विनवण्या केल्या. तेव्हा शेजारच्या मशिनवरची एक सडपातळ बाई उठली आणि तिने आपलं टोकन माझ्या हातावर ठेवलं. तिचं नाव मारी-लूर्द (हे संध्याकाळी ड्रायव्हरकडून कळलं). टोकनावर दोनशे चौदा.

दुपारी रस्ता शांत झाला, कुलूप निघालं आणि मॅनेजरने जेवायला बसवलं. (तो कुठल्या देशाचा ते लिहीत नाही, तुम्ही त्या देशाच्या वकिलातीवर मोर्चा न्याल.) मी पंगतीत किस्से रंगवणारा माणूस, तुम्हाला माहीतच आहे. हातवाऱ्यांसकट सगळं सांगितलं. मॅनेजर डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसला. मग पेन काढून म्हणाला, "नंबर काय होता?"

आणि मी सांगितला.

संध्याकाळी पाळी सुटली तेव्हा ती फाटकाशी उभी होती. हातात चप्पल आणि डबा. टोकन दुसऱ्याला दिल्याबद्दल तिला काढलं होतं. ड्रायव्हर म्हणाला, "ती विचारतेय, तुम्ही त्यांना का सांगितलंत?" मी म्हटलं, तिला सांग, मी गंमत करत होतो. ड्रायव्हरने माझ्याकडे पाहिलं आणि ते काही भाषांतर करून सांगितलं नाही. मी आत जाऊन मॅनेजरला विनवलं. तो म्हणाला, शिस्तीचा प्रश्न आहे.

इथे परत आल्यावर मी 'समाधानकारक' खोडून कुलपाचं, टोकनाचं आणि तिचं, सगळं लिहिलं. मिस्टर टेओ रागावले नाहीत, तेच जास्त भीतीचं होतं. त्यांनी चहा मागवला. "सुबोध, स्मॉल मॅटर ओन्ली, लाह. वन पॅराग्राफ." नोकरी गेली की माझा इथे राहण्याचा पास रद्द, आणि पास रद्द झाला की तीस दिवसांत चंबूगबाळं आवरायचं, हे ते बोलले नाहीत. फक्त क्षिप्रा कितवीत आहे ते विचारलं. पण परिच्छेद काढायला हात चालेना. मंगळवारी मला घरी पाठवलं. अहवालावर दुसऱ्या कुणाची तरी सही झाली, भागीदारीही ठरली.

काकूंना नमस्कार.

आपला,
सुबोध

ता. क. पत्र लिहिण्याचं खरं कारण हे की, त्या पँट्स विकणाऱ्या अमेरिकन कंपनीकडे तक्रार करायची आहे आणि मला ती लिहिता येत नाही. चार वेळा बसलो, चारही वेळा किस्सा झाला. तुम्ही युनियनमध्ये जन्मभर अशी पत्रं लिहिलीत. (माझ्या लग्नात मी तुमच्या भाषणाची नक्कल केली होती, त्याबद्दल क्षमा असावी.) तिला परत कामावर घ्यावं एवढंच मागायचं आहे.

ता. क. दुसरा. नोकरीचं अनुजाला सांगितलेलं नाही. बुधवारपासून टाय लावून लायब्ररीत बसतो. तेवढं तुम्ही फोन करून तिला सांगाल का?

काका, नमस्कार. हे पत्र यांनी पोस्टात टाकायला माझ्याच हाती दिलं, तेही पाकीट न चिकटवता. नोकरीचं मला बुधवारीच कळलं, ऑफिसातून यांच्या खुर्चीवरचं जाकीट कुणीतरी आणून दिलं. तेव्हा मला फोन नको, आधी तक्रार लिहा. हे हैतीहून आले तेव्हा धुण्याला टाकलेल्या शर्टात त्या ड्रायव्हरचं कार्ड सापडलं होतं, म्हणून काल त्याला फोन लावला. बाईंना विचारल्याशिवाय त्यांचं नाव कुठे देणं बरं नव्हे, आणि यांनी ते विचारलंच नव्हतं. पूर्ण नाव मारी-लूर्द पिएर. अकरा वर्षं नोकरी. आणखी चार जणींना तसंच काढलंय, त्यांची नावं मागे लिहिली आहेत. त्याने विचारून कळवलं, पाचही जणी हो म्हणाल्या आहेत.
– अनुजा